कर्नलसमोर दुखत नाही

“सावधान!”

भाऊजी, तुम्ही असे ओरडलात की पॉलिक्लिनिकच्या पंख्यानं एक फेरी चुकवली. व्हेंटिलेटरमध्ये बसलेलं कबुतर ताठ झालं, भिंतीवरचं वाकडं कॅलेंडर सरळ झालं, आणि बाकांवरचे ते सगळे रिटायर्ड फौजी खाडकन उभे राहिले. कुणाचे गुडघे गेलेले, कुणाच्या डोळ्यांत मोतीबिंदू, एकाच्या हातात तर तपासणीला आणलेली लघवीची बाटली, काठोकाठ भरलेली. त्यातला थेंब हलला नाही. कारण दारातून डॉक्टर आत येत होते, आणि डॉक्टर म्हणजे रिटायर्ड कर्नल.

“बैठिए, बैठिए सूबेदार साहब, मैं तो अब सिविलियन हूँ,” असं म्हणत कर्नल साहेब बिचारे हात जोडून आपल्या खोलीत पळाले. ते खुर्चीत बसल्याचा आवाज आला, तेव्हा कुठे तुम्ही लोकांना ‘विश्राम’ दिलात.

ताई माझ्या बाजूला तुमची फाइल मांडीवर घेऊन बसली होती. अख्ख्या हॉलमध्ये ती एकटी उठली नव्हती. “पाहा बबन,” ती म्हणाली, “यायले दाखवाले आणलं, आन् हे परेड घेऊन राहिले.”

आता हे मी सांगतो तेव्हा लोक म्हणतात, बबनराव, बाटलीचं जरा जास्त झालं. तुम्ही असता तर तुम्हीच म्हणाला असता, “बाटली नव्हती बे, चहाचा कप होता. आन् सांडला होता.” पण तुम्ही नाही. जलदानविधी उरकला, फोटोपुढची मेणबत्ती संपली, आपल्याशी हिंदीत आणि रडताना मराठीत बोलणारी तुमची पोरगी बिलासपूरला परत गेली. माझ्या गोष्टींना कात्री लावणारा एकही माणूस या तात्यापारा मोहल्ल्यात उरलेला नाही. याचे परिणाम वाईट होणार आहेत. ते कबुतर उद्या गरुड होईल, सांगून ठेवतो.

आपलं जमलं होतं ते असंच. मी वाढवायचं, तुम्ही कापायचं. तुमचं लग्न झालं तेव्हा मी रेल्वेत नुकताच लागलो होतो आणि स्टेशनात सगळ्यांना सांगून बसलो होतो, की माझ्या ताईच्या नवऱ्यानं बर्फात वाघ मारला. तुम्ही पहिल्या सुट्टीवर उतरलात, खांद्यावर काळी पेटी, आणि अख्खं बुकिंग ऑफिस तुम्हाला बघायला फलाटावर. रांगेतल्या प्रवाशांना त्या दिवशी तिकीट मिळालं नाही. “वाघ कितना बड़ा था, फौजी भैया?” कुणीतरी विचारलं. तुम्ही माझ्याकडे पाहिलं. मी सिग्नलकडे पाहिलं. तुम्ही पेटी खाली ठेवलीत आणि म्हणालात, “कुत्ता था. और मारा नहीं, बिस्कुट खिलाया.”

लोक पोट धरून हसले. मला वाटलं, रुळावर जाऊन झोपावं. पण त्या दिवसापासून स्टेशनात तुमचा जो मान झाला, तो वाघ मारून झाला नसता. आणि मी पार बेफिकीर झालो. काय वाटेल ते उंच फेकावं, खाली झेलायला तुम्ही होतातच.

तुमच्या घराचा वास अजून तोच आहे. कॅन्टीनचा साबण आणि बूट पॉलिश. तुम्ही सुट्टीवर आलात की दारात मोहल्ला जमायचा, कुणाला साबण, कुणाला चहापत्ती, कुणाला आणखी काय, त्याचं नाव ताईसमोर घेत नाही. तुम्ही सगळ्यांना वाटायचात आणि शेवटी ताईसाठी म्हणून ठेवलेली पावडरही कुणाच्या तरी पोरीच्या लग्नात जायची.  मग ज्या वर्षी तुम्ही त्या बर्फातल्या चौकीवरून खाली उतरलात, त्या वर्षी तिला सदर बाजारात घेऊन गेलात आणि सोन्याच्या बांगड्या केल्यात. सोनार म्हणाला, “फौजी साहब, थोड़ा ढीला रखें, उमर के साथ हाथ भरता है.” तुम्ही म्हणालात, “नाही. बरोब्बर मापाच्या पाहिजेत.” फौजी माणूस. बांगडीचीही वर्दी शिवून घेतली.

तुमचा सगळा हट्ट त्या बांगड्यांपाशी सुरू व्हायचा. रिटायर झाल्यावर सरकारनं तुम्हाला उपचाराचं कार्ड दिलं. त्याचा नियम तुम्ही मला इतक्यांदा ऐकवलात की मी झोपेतही म्हणू शकतो: आधी पॉलिक्लिनिकमध्ये जायचं, तिथल्या डॉक्टरनं रेफरलचा कागद लिहिला की मोठ्या खाजगी दवाखान्यात कार्डावर इलाज, खिशाला हात लावायचा नाही. कागद नसेल आणि अगदीच जिवावर आलेलं नसेल, तर बिल आपल्या डोक्यावर. पॉलिक्लिनिकच्या रांगेत भेटणाऱ्या अभनपूरच्या नायक साहेबांचं उदाहरण तुम्ही द्यायचात. बायकोला घेऊन ते घाईघाईत बिनकागदाचे भरती झाले, आणि रोडला लागून असलेला प्लॉट विकून बाहेर आले. “बबन्या,” तुम्ही म्हणायचात, “तिच्या बांगड्या सदर बाजारातून आल्या. माझ्या आजारापायी त्या परत सदर बाजारात नाही जाणार. जाईन तर कागद घेऊन जाईन.”

ठीक आहे. जा ना मग कागद घेऊन! छाती दुखते, जिना चढताना मधल्या पायरीवर बसून तुम्ही बुटाची नाडी बांधण्याचं नाटक करता. चपलेला नाडी नसते, भाऊजी, हे ताईच्याही लक्षात आलं होतं. कागद काही मागायची गोष्ट नव्हती, तुमच्या हक्काचा होता. पण तो कागद लिहिणार कर्नल साहेब, आणि ते विचारणार, “कैसे हैं, सूबेदार साहब?” आणि तुम्ही टाचा जुळवून, छाती काढून, तीच ती दुखणारी छाती, ओरडणार, “फर्स्ट क्लास, सर!” आणि ताकदीच्या गोळ्या घेऊन घरी. असं किती वेळा झालं याचा मी हिशेब ठेवला नाही. त्या गोळ्या एवढ्या साठल्या होत्या की ताई त्या मोगऱ्याच्या कुंडीत टाकायची. मोगरा छपरापर्यंत गेला. (बरं, खिडकीपर्यंत.)

दोन गोष्टी तुम्हाला जमत नव्हत्या. कार्डाशिवाय दवाखान्यात जाणं, आणि कर्नलसमोर आजारी असणं. या दोन्हींच्या मध्ये तुमची छाती अडकली होती.

मी रेल्वेचा माणूस. मला हे कळूच शकत नव्हतं. आमच्याकडे सिकमध्ये जाणं, म्हणजे आजारपणाची रजा काढणं, ही कला आहे. आमचा एक गार्ड डॉक्टरसमोर असा कण्हायचा की डॉक्टरच्या बायकोला वरच्या मजल्यावर रडू यायचं, आणि तिथून सुटला की तो सरळ साळ्याच्या लग्नात नाचायला. मी स्वतः एका कंबरेवर किती दिवाळ्या काढल्या. म्हणून मी ठरवलं, तुम्हाला शिकवायचं. तुम्हाला तर खोटं बोलायचंच नव्हतं. खरं आहे ते जरा मोठ्यानं बोलायचं, बस.

रविवारची सकाळ होती. ताई आत तव्यावर तांदळाच्या पिठाचे चिले काढत होती. मी अंगणात खुर्ची टाकली, तिचा चष्मा नाकावर चढवला आणि झालो कर्नल. “हाँ सूबेदार साहब, क्या तकलीफ है?”

तुम्ही खाटेवरून ताडकन उठलात. “कोई तकलीफ नहीं, सर!”

“अहो भाऊजी, मी आहे! बबन!”

“मले माहीत आहे बे. पण तू खुर्चीवर बसून राहिला ना.”

“मग उतरतो खाली. हे घ्या, जमिनीवर बसलो. आता सांगा, कुठं दुखते?”

तुम्ही फाटकाकडे पाहिलंत, कोणी येत नाही ना. मग आवाज बारीक करून म्हणालात, “थोडंसं… इथं. पण चालते.”

“चालते म्हणायचं नाही!”

“काहून? चालते तर चालते म्हणीन ना.”

आतून ताईचं हसू ऐकू आलं आणि मग चिला जळल्याचा वास. ती उलथनं घेऊन दारात आली. “बबन, तू काहून मेहनत करून राहिला? हा माणूस माह्यासमोर कधी आजारी नाही पडला, कर्नलसमोर काय पडतो?” तुम्ही खाली बघत होतात. मी चष्मा काढला. चिले मात्र छान झाले होते. जळलेला तुम्ही मागून घेतलात, असं म्हणून की तुम्हाला कडकच आवडतो. हेही खोटं होतं. म्हणजे तुम्हाला खोटं बोलता येत होतं, भाऊजी. फक्त उलट्या बाजूनं.

म्हणून त्या ‘सावधान’च्या दिवशी मी तुमच्याबरोबर आत घुसलो. ताई बाहेर बाकावरच राहिली, फाइल तुमच्या हातात देऊन. कर्नल साहेबांनी विचारायच्या आधीच मी सुरुवात केली. काय बोललो मी! सर, ये रात-रात भर सोते नहीं. सर, छाती ऐसी दुखती है कि पूरा तात्यापारा उठ के बैठ जाता है. सर, सीढ़ी चढ़ते हैं तो आधे रास्ते में खाना मँगवाते हैं. सर, डावा हात तो अब सिर्फ़ दिखाने के लिए है. मी रंगात आलो होतो, हिंदी-मराठी एक झाली होती. कर्नल साहेबांनी पेन उचललं होतं. भाऊजी, मी शपथेवर सांगतो, पेन कागदाला टेकायला आलं होतं.

मग त्यांनी तुमच्याकडे पाहिलं. “सूबेदार साहब, ये सही बोल रहे हैं?”

आणि तुम्ही समोरच्या भिंतीकडे बघत म्हणालात, “नहीं सर. ये आदमी रेलवे का है.”

कर्नल साहेब इतके हसले की त्यांना पाणी प्यावं लागलं. माणूस चांगला होता. त्यांनी तिथल्या तिथे ईसीजीची पट्टी काढून घेतली, ती तशी बरी निघाली, गोळी बदलली, आणि निघताना तुमच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, “अगली बार इनको मत लाइए. माताजी को अंदर लाइए. सच वही बताएँगी.”

परतताना माझी स्कूटर सदर बाजारच्या गर्दीत अडकली आणि आपलं भांडण सुरू झालं. पुढे मी, मध्ये तुम्ही, मागे तुम्हाला धरून ताई, चहूकडून हॉर्न. मी म्हणालो, तुम्ही स्वतःच्या हातानं कागद फाडलात. तुम्ही म्हणालात, तू वाघाच्या वेळेस केलं तेच केलं, इतकं वाढवलं की खरं असेल तेही कोणी मानणार नाही. मी म्हणालो, मग खरं तुम्ही का नाही बोललात?  दागिन्यांच्या दुकानांवरून स्कूटर इंच इंच सरकत होती. मग माझ्या कानामागून तुमचा आवाज आला, हळू.

“बबन्या, मी सुभेदार असताना पोट्टे यायचे ना सिक रिपोर्ट करायले, त्यायले मी लायनीत उभं करून विचारो, मरून राहिला का? नाही ना? मग चल. किती पोट्ट्यायले मी परत पाठवलं. आता मी त्या लायनीत कसा उभा राहू?”

  मी एका रिक्षावाल्यावर ओरडलो, त्याचा काही संबंध नसताना. भांडण तिथेच राहिलं आणि अजून तिथेच आहे. तुम्ही म्हणणार मी बिघडवलं, मी म्हणणार तुम्ही. मधून ताई म्हणाली, “घरी चला, भाजी घ्याची आहे,” म्हणून कोणी जिंकलं नाही.

ताईला आत न्यायचं ते ‘पुढच्या वेळी’ राहिलं. पुढची वेळ आली ती वेगळीच आली. भर दुपारी, जेवणाच्या ताटावर. घास खाली ठेवून तुम्ही म्हणालात, “बबनले बोलव.” एवढंच.

ज्या मोठ्या दवाखान्यात नेलं त्याचं नाव घेऊन काय करायचं. काउंटरवरच्या मुलीनं विचारलं, “रेफरल है?” मी म्हणालो, इमरजन्सी आहे, कार्ड आहे. ती म्हणाली, कार्डाचं नंतर बघू, आधी डिपॉझिट भरा, कार्डवाल्यांचे पैसे सरकारकडून लवकर येत नाहीत. ती काही वाईट नव्हती. तिला जे सांगितलं होतं ते ती सांगत होती. मी वळून पाहिलं तर ताई बांगडी काढत होती. निघत नव्हती. हात सुजले होते, मनगट लाल झालं होतं, आणि ती इकडेतिकडे बघून विचारत होती, “इथं साबण कुठं भेटते?”

तेव्हा मी आयुष्यातलं सगळ्यात मोठं फेकलं. मी काउंटरवर हात आपटला आणि ओरडलो, “मालूम है कौन हैं ये? जनरल साहब हैं! पूरी फौज के जनरल!”

भाऊजी, काय धावपळ झाली! वॉर्डबॉय धावले, नर्स धावल्या, कुठून तरी कोट घालत एक डॉक्टर धावला, लिफ्टमधल्या माणसांना बाहेर काढलं. मी सांगतो, ॲम्ब्युलन्ससुद्धा परत आली. आणि त्या सगळ्या गोंधळात स्ट्रेचरवरून तुम्ही हात वर केलात, नाकावरचा मास्क बाजूला सारलात आणि त्या डॉक्टरला म्हणालात,

“जनरल नहीं. सूबेदार.”

पुन्हा मास्क लावून घेतलात. कामगिरी संपली.

डॉक्टरनं माझ्याकडे पाहिलं. काउंटरवरच्या मुलीनं पाहिलं. मी पुन्हा सिग्नल शोधायला लागलो, पण दवाखान्यात सिग्नल नसतो. मग त्या मुलीला काय वाटलं कोण जाणे, तिनं हात पुढे केला. “सूबेदार साहब का कार्ड दीजिए.” जनरलला जे जमत नव्हतं ते सुभेदाराला जमलं. दुसऱ्या दिवशी पॉलिक्लिनिकला कळवलं, त्यांनी इमरजन्सी मानली, आणि कार्ड चाललं. शेवटपर्यंत चाललं. बांगड्या ताईच्या हातातच राहिल्या, सदर बाजारात गेल्या नाहीत. तुमचा शब्द राहिला. फक्त तुम्ही राहिला नाहीत. डॉक्टर म्हणाले, थोडे दिवस आधी आणायला हवं होतं. मी मान हलवली. वाढवायला तिथे काही नव्हतं.

एक गोष्ट तुम्हाला कधी सांगितली नाही. तुम्ही सगळ्यांसमोर माझी गोष्ट कापायचात ना, मला राग यायचा असं मी दाखवायचो. खरं तर मी गोष्ट तुमच्यासाठीच वाढवायचो. दहा लोकांत बसून मी वाघ सोडायचा आणि डोळ्याच्या कोपऱ्यातून बघायचं, भाऊजी मिशीला हात लावतात का. हात गेला की समजायचं, आता येणार. ते ‘कुत्ता था’ ऐकण्यासाठी मी अख्खं जंगल उभं करायचो. आता परवा पानठेल्यावर मी तुमच्या जनरलची गोष्ट सांगितली. सगळे ऐकत होते. संपली तेव्हा कोणी कापलं नाही, आणि मलाच ती खोटी वाटायला लागली. म्हणून मीच शेवटी म्हणालो, “ॲम्ब्युलन्स परत नव्हती आली.” तुमच्या आवाजात म्हणून पाहिलं. जमलं नाही.

आता ताईचं सांगतो आणि थांबतो. तुमच्या मागे कार्ड तिला लागू आहे, हे तुम्हीच पाठ करून घेतलं होतं. त्या दिवशी तिचे हात पाहिले तेव्हापासून माझ्या डोक्यातून ते जात नव्हते. विचारलं तर म्हणाली, “त्यायचं आधी होऊ दे म्हटलं. घरात एका टायमाले एकच पेशंट पाहिजे.” म्हणजे तुम्ही कर्नलसमोर ठीक होतात, आणि ती तुमच्यासमोर ठीक होती. काय घर होतं तुमचं! दोन आजारी माणसं आणि दोघंही फर्स्ट क्लास.

काल तिला पॉलिक्लिनिकला घेऊन गेलो. रस्ताभर मी शिकवत होतो. ताई, मोठ्यानं सांग, बोटं वळत नाहीत म्हण, पातेलं पकडता येत नाही म्हण. “तू गप बस,” ती म्हणाली. “गाडी चालव.”

आम्ही हॉलमध्ये शिरलो. ते सगळे होते, गुडघेवाले, मोतीबिंदूवाले, अभनपूरचे नायक साहेब. ताईला पाहिलं आणि एकेक करून सगळे उभे राहिले. काठ्या टेकत, एकमेकांच्या खांद्यांना धरत. ‘सावधान’ कोणी म्हटलं नव्हतं. पंखा फिरत होता, कॅलेंडर वाकडंच होतं. यात मी एक शब्द वाढवलेला नाही, भाऊजी. तुम्ही असता तरी तुम्हाला कापायला काही सापडलं नसतं.

कर्नल साहेबांनी ताईला समोरच्या खुर्चीवर बसवलं. मी दाराशी उभा राहिलो. ते टेबलावरचे कागद उगाच हलवू लागले. म्हणाले, “सूबेदार साहब ने मुझे कभी कुछ बताया ही नहीं.”  मग त्यांनी पेन उचललं, चष्मा सारखा केला, आणि रोज ज्या सवयीनं विचारतात त्याच सवयीनं विचारलं,

“और आप? आप तो ठीक हैं न, माताजी?”

माझ्या तोंडात अख्खं जंगल तयार होतं. मी ते दातांमागे दाबून धरलं. ताईनं पदर सारखा केला, दोन्ही हात उचलून टेबलावर ठेवले, बांगड्या मांसात रुतलेले ते हात, आणि तिनं कर्नल साहेबांकडे सरळ पाहिलं.

“नाही,” ताई म्हणाली.